जंगलपट्टीतल्या गावात हिवतापाचा अभ्यास: पहिल्या ग्रामसभेपासून शेवटच्या तक्त्यापर्यंत

हिवतापाच्या पाहण्या दिवसा होतात, हिवताप मात्र रात्री पसरतो. सकाळी दहाला गावात पोचून ‘कोणाला ताप आहे का?’ असं विचारत घरोघर फिरणाऱ्या पथकाला गावाची एकच बाजू दिसते. आदल्या रात्री कोण कुठे झोपलं होतं, मच्छरदाणी टांगली होती की खुंटीला घडी करून ठेवली होती, घरातला तरणा पोरगा जागलीला शेतावर होता का, हे त्यांच्या वहीत येतच नाही. सामुदायिक वैद्यकशास्त्राचे आणि कीटकशास्त्राचे विद्यार्थी, समाजकार्य महाविद्यालयांतले अभ्यासक, दुर्गम तालुक्यात नव्याने रुजू झालेले वैद्यकीय अधिकारी आणि संस्थांचे कार्यकर्ते यांना ही राहून गेलेली बाजू कशी नोंदवायची, ते इथे क्रमाने सांगतो.

उदाहरण गडचिरोलीचं घेतो. १९८२ साली चंद्रपूरपासून वेगळा झालेला हा जिल्हा राज्यातल्या हिवतापाचा मोठा भार वर्षानुवर्षं वाहतो आहे. क्षेत्रफळ सुमारे १४,४१२ चौरस किलोमीटर, २०११च्या जनगणनेत लोकसंख्या पावणेअकरा लाखांच्या आत, म्हणजे एका चौरस किलोमीटरला सरासरी ७४ माणसं. त्यातही भामरागड, एटापल्ली, धानोरा, कोरची या बाजूंना वस्ती टोल्याटोल्यांत, म्हणजे लहान वाड्यांत, विखुरलेली. पलीकडे छत्तीसगडचा बस्तर, आणि सोयरीक, बाजार, मजुरी सगळं हद्दीच्या दोन्ही अंगांना. इथे फाल्सिपेरम हा घातक परजीवी प्रामुख्याने सापडतो आणि त्याच्या जोडीला व्हायवॅक्सही असतो. मेळघाट, ओडिशाचा डोंगराळ भाग किंवा झारखंड इथे काम करणाऱ्यांनी गावांची नावं बदलावीत, पद्धत फारशी बदलणार नाही.

आधी दप्तर वाचा

गावात जाण्याआधी प्राथमिक आरोग्य केंद्रात आणि जिल्हा हिवताप अधिकाऱ्यांच्या कार्यालयात बसा. गेल्या पाच वर्षांच्या, महिनावार आणि गाववार नोंदी मागा. तालुक्याच्या बेरजेवर समाधान मानू नका, कारण एकाच उपकेंद्राखालच्या दोन गावांत जमीन-अस्मानाचा फरक असतो.

तीन निर्देशांक नीट समजून घ्या. वर्षात हजार लोकसंख्येमागे किती रुग्ण सापडले तो एपीआय, म्हणजे वार्षिक परजीवी निर्देशांक. शंभर लोकसंख्येमागे किती जणांचं रक्त तपासलं तो एबीईआर, म्हणजे वार्षिक रक्ततपासणी दर. आणि तपासलेल्या शंभर नमुन्यांत किती बाधित निघाले तो बाधित नमुन्यांचा दर, कार्यालयात ज्याला सगळे एसपीआर म्हणतात.

ह्यांतला एकच आकडा उचलून निष्कर्ष काढला की फसगत ठरलेली. समजा, ६०० वस्तीच्या गावात एका वर्षी ६० जण तपासले आणि ६ बाधित निघाले. एपीआय १०, एबीईआर १० टक्के, एसपीआर १० टक्के. पुढल्या वर्षी आरोग्य सेवकाची जागा सहा महिने रिकामी राहिली, ३० जणच तपासले गेले आणि ३ बाधित निघाले. एपीआय निम्म्यावर, ५ वर आला. अहवालात ‘हिवताप ५० टक्क्यांनी घटला’ असं वाक्य येईल, पण एसपीआर जागचा हललेला नाही. घटली ती तपासणी. म्हणून एपीआयच्या आलेखाखाली एबीईआरचा आलेख काढल्याशिवाय पुढे जाऊ नये, आणि कर्मचाऱ्यांची रिक्त पदं त्याच कालरेषेवर पेन्सिलीने लिहावीत.

दप्तर वाचून झाल्यावरच प्रश्न ठरवा, आणि तो एकच ठेवा. ‘गावातील हिवतापाचा सर्वांगीण अभ्यास’ हे शीर्षक मार्गदर्शकाला आवडतं, पण त्याचं उत्तर कधीच मिळत नाही. ‘मच्छरदाण्या वाटूनही अमुक सहा गावांत ऑक्टोबर-नोव्हेंबरमध्ये रुग्ण का वाढतात?’ हा खरा प्रश्न. पुढचा सगळा आराखडा हा प्रश्न धरून सांगतो.

परवानग्या, आणि गावाची संमती

कागदोपत्री क्रम असा: संस्थेच्या नैतिकता समितीची मंजुरी, जिल्हा आरोग्य अधिकारी व जिल्हा हिवताप अधिकारी यांचं पत्र, तालुका आरोग्य अधिकाऱ्यांना प्रत. भारतीय आयुर्विज्ञान संशोधन परिषदेची २०१७ची नैतिक मार्गदर्शक तत्त्वं समोर ठेवूनच प्रस्ताव लिहा. पालकांच्या संमतीशिवाय मुलांना तपासता येत नाही, आणि ७ ते १२ वयाच्या मुलांची तोंडी, तर १२ ते १८ वयाच्या मुलांची लेखी अनुमती वेगळी घ्यावी लागते. सही न करणाऱ्याचा अंगठा चालतो, पण शेजारी तटस्थ साक्षीदार हवा. तुमच्याच पथकातला माणूस तटस्थ ठरत नाही.

अनुसूचित क्षेत्रात १९९६च्या पेसा कायद्याने ग्रामसभेला वेगळं वजन आहे. ग्रामसभेत जाण्याआधी पाटील, भूमिया आणि पुजारी या गावच्या मानकऱ्यांना भेटा. पुजाऱ्याला टाळून काम सुरू करणं मला शहाणपणाचं वाटत नाही. ताप आला की अनेक घरांतून पहिला निरोप त्याच्याकडेच जातो, त्यामुळे कोणत्या टोल्यात तापाची साथ आहे हे त्याला तुमच्या नोंदवहीच्या आधी कळलेलं असतं.

संमतीपत्रक माडिया किंवा गोंडीत तोंडी समजावून सांगणारा माणूस त्याच भागातला असावा. मराठीत वाचून दाखवलं आणि माणसांनी मान डोलावली, तर ती संमती नव्हे, सौजन्य आहे. दोन गोष्टी तर स्पष्टच सांगा: बोटातून किती थेंब रक्त घेणार आणि त्याचं पुढे काय करणार. रक्त विकायला नेतात ही कुजबुज नाहीतर दुसऱ्या दिवशी पुढच्या गावात तुमच्या आधी पोचते.

आणि एक अट, जिच्यावर तडजोड नाही: बाधित निघालेल्या प्रत्येकाला त्याच दिवशी उपचार मिळाले पाहिजेत. ते राष्ट्रीय औषध धोरणानुसार आणि आरोग्य सेवक किंवा वैद्यकीय अधिकारी यांच्यामार्फतच. व्हायवॅक्ससाठी क्लोरोक्विनबरोबर १४ दिवस प्रायमाक्विन असतं. फाल्सिपेरमला आर्टेमिसिनिनवर आधारित संयुक्त उपचार आणि प्रायमाक्विनची एक मात्रा. गरोदर स्त्रिया आणि वर्षाखालची बाळं यांना प्रायमाक्विन देत नाहीत. जीसिक्सपीडी या विकराची कमतरता असलेल्या माणसात त्याने तांबड्या पेशी फुटतात, म्हणून औषध सुरू असताना लघवी काळपट झाली तर गोळी थांबवून लगेच कळवा, हे घरच्यांना दोनदा सांगा. औषधसाठ्याची खात्री न करता तपासणी मोहीम काढणं हा रुग्णांवर अन्याय आहे.

घरयादी: झोपायच्या जागेनुसार

अभ्यासाचा पाया म्हणून मी याच कामाला सगळ्यात जास्त वेळ देईन.

पहिल्या दिवशी गावातल्याच दोघांना बरोबर घेऊन पायी नकाशा काढा. घरं, गोठे, विहिरी, हातपंप, बोड्या (लहान तळी), माजी मालगुजारी तलाव, नाल्याची वळणं, धानाच्या बांध्या, आश्रमशाळा, सगळं त्यात आलं पाहिजे. मोबाइलवर अक्षांश-रेखांश नोंदवता येतात, नेटवर्क लागत नाही. गावाच्या यादीत नसलेला एखादा टोला हमखास सापडतो, आणि बहुधा सर्वांत जास्त रुग्ण तिथेच असतात. त्याला स्वतंत्र क्रमांक द्या, मूळ गावात मिसळू नका.

मग घरयादी. नेहमीचे रकाने असतातच: नाव, वय, लिंग, नातं. त्यात हे रकाने वाढवा: काल रात्री प्रत्येक माणूस कुठे झोपला? घरात, ओसरीवर, अंगणात, शेतातल्या मचाणावर, जंगलात, दुसऱ्या गावी, की वसतिगृहात? किती वाजता आडवा झाला, किती वाजता उठला? डोक्यावर मच्छरदाणी होती का, आणि ती कोणती? ‘तुम्ही मच्छरदाणी वापरता का?’ हा प्रश्न मात्र यादीतून काढून टाका. त्याला सगळे ‘हो’ म्हणतात. ‘काल रात्री’ हे दोन शब्द घातले की उत्तर खरं येऊ लागतं. शक्य तिथे मच्छरदाणी कुठे टांगतात ते दाखवायला सांगा. खुंट्या किंवा दोऱ्या नसतील तर पुढे विचारायची गरज नाही.

हीच नोंद वर्षातून एकदा घेऊन भागत नाही, कारण झोपायची जागा ऋतूबरोबर हलते. मार्च-एप्रिलमध्ये मोहफुलं वेचायला माणसं पहाटे अंधारात बाहेर पडतात. एप्रिल-मेमध्ये तेंदूपानाचा हंगाम असतो, फळीवरच्या, म्हणजे पानं गोळा करायच्या केंद्रावरच्या, कामासाठी काही कुटुंबं मुक्कामाला जातात. रोवणीच्या दिवसांत शेताजवळ राहणं वाढतं. धान पोटरीला आला की रानडुकरांपासून राखायला जागल सुरू होते ती मळणीपर्यंत. आपल्या प्रश्नातले ऑक्टोबर-नोव्हेंबर नेमके ह्या जागलीचे. घरात मच्छरदाणी टांगलेली, भिंतीवर फवारणी झालेली, आणि घरचा कर्ता माणूस बांधावरच्या मचाणावर शेकोटीशेजारी उघडा, असं असेल तर घरातल्या संरक्षणाचे टक्के कितीही चांगले दिसोत, प्रसाराची वाट मोकळीच राहते. हा अंदाज खरा की खोटा ते आकड्यांनीच ठरवायचं आहे, म्हणून तर ही नोंद.

आश्रमशाळा विसरू नका. दूरदूरच्या गावांतली मुलं एका छपराखाली झोपतात, सुटीत घरी जातात, परत येतात. परतल्यानंतरच्या दोन-तीन आठवड्यांत केलेली तपासणी बरंच काही सांगून जाते.

नमुना किती, आणि केव्हा

बाधितांचं प्रमाण सुमारे १० टक्के असेल असं धरलं, ३ टक्क्यांपर्यंतची चूक चालवून घेतली आणि ९५ टक्के विश्वासपातळी ठेवली, तर साधं सूत्र ३८४ माणसं मागतं. पण आपण गावं निवडतो, सुटी माणसं नाही. एका गावातली माणसं एकमेकांसारखी असतात, एकाच नाल्याचे डास त्यांना चावतात. म्हणून संख्या दुप्पट करा, ७६८. दहा टक्के माणसं भेटणार नाहीत किंवा नकार देतील असं धरून अंदाजे ८५५. मोजक्या मोठ्या गावांपेक्षा जास्त लहान गावं घेतलेली बरी.

भेटणार नाहीत त्या दहा टक्क्यांत बहुतेक शेतावर किंवा जंगलात गेलेले तरुण असतात, म्हणजे ज्यांना धोका सर्वांत जास्त तेच. त्यांच्यासाठी संध्याकाळी किंवा पहाटे दुसरी फेरी ठेवा, बाजाराच्या दिवशी गाठा. घरी सापडलेल्या म्हाताऱ्यांचं आणि लेकुरवाळ्या बायकांचं रक्त दोनदा घेऊन ती पोकळी भरून निघत नाही.

किमान तीन फेऱ्या करा: पावसाआधी, भर पावसाळ्यात आणि धानकापणीच्या सुमारास. मधली फेरीच बहुतेक जण गाळतात. भामरागडला पर्लकोटेला पूर आला की रस्ता बंद होतो, तेव्हा जुलै-ऑगस्टची फेरी करायची तर पथकाचा काही भाग नदीपलीकडे आधीच मुक्कामी असावा, किट, काचपट्ट्या आणि औषधांसकट.

रक्त

तापाचेच रुग्ण तपासले तर अर्धवट चित्र हाती येतं. वर्षानुवर्षं चावे खाल्लेल्या मोठ्या माणसांच्या रक्तात परजीवी असतात, पण अंगात ताप नसतो. शेजारच्या बस्तरमध्ये जानेवारी २०२० पासून मलेरियामुक्त बस्तर अभियानात घरोघर सगळ्यांचीच तपासणी झाली, तेव्हा बाधितांपैकी निम्म्याहून अधिक लोकांना ताप नव्हता. म्हणून निवडलेल्या घरातल्या प्रत्येकाचा नमुना घ्या.

जलद चाचणीचं किट वापरायला सोपं, त्यामुळे चुकाही त्यातच जास्त. किट उन्हात तापलेल्या जीपमध्ये ठेवू नका. पाकीट आयत्या वेळी फोडा, रक्त आणि द्रावण सांगितलं तेवढंच टाका, घड्याळ लावा आणि पाकिटावर दिलेल्या वेळेतच वाचा, तासाभराने वाचलेली रेघ धरू नका. फाल्सिपेरमची रेघ ज्या प्रथिनावर उमटते ते उपचारानंतरही काही आठवडे रक्तात राहतं. म्हणून ‘गेल्या महिन्यात हिवतापाच्या गोळ्या घेतल्या का?’ हा रकाना नसेल, तर बरा झालेला माणूस तुमच्या तक्त्यात नवा रुग्ण म्हणून मोजला जाईल. उलट, काही परजीवींत त्या प्रथिनाचं जनुकच गळालेलं असतं. अशा वेळी परजीवी असून रेघ उमटत नाही. म्हणून किटबरोबर काचपट्टी घ्याच.

पट्टीसाठी डाव्या हाताची अनामिका, तान्ह्या बाळाची टाच. पहिला थेंब पुसून टाका. एकाच काचेवर जाड आणि पातळ असे दोन लेप करा, क्रमांक पातळ लेपावर पेन्सिलीने लिहा. जाड लेप आडवा ठेवूनच वाळू द्या. पावसाळ्यात तो वाळता वाळत नाही, आणि झाकला नाही तर मुंग्या-माश्या खाऊन टाकतात, सकाळी नुसती काच उरते. पातळ लेप मिथेनॉलने पक्का करायचा, जाड लेपाला त्याचा थेंबही लागू द्यायचा नाही. रंगवायला जिम्सा किंवा आपल्याकडच्या प्रयोगशाळांत रुळलेलं जेएसबी. जाड लेपाची किमान १०० क्षेत्रं पाहिल्याशिवाय ‘निगेटिव्ह’ लिहू नये. परजीवींची संख्या काढायची तर २०० पांढऱ्या पेशी मोजेपर्यंत किती परजीवी दिसले ते मोजा, त्याला ८,००० ने गुणा, २०० ने भागा. ५० दिसले तर घन मिलिमीटरला २,०००. सगळ्या बाधित पट्ट्या आणि निदान दहा टक्के निगेटिव्ह पट्ट्या, आधीचा निकाल न सांगता, दुसऱ्या तंत्रज्ञाकडून तपासून घ्या.

सूक्ष्मदर्शकाला न दिसणारे थोडके परजीवी पीसीआरमध्ये सापडतात. त्यासाठी गाळणकागदावर दोन-तीन थेंब घेऊन पूर्ण वाळवा, प्रत्येक कागद वेगळ्या बंद पिशवीत सिलिका जेलसह ठेवा. ओला कागद पिशवीत घातला की बुरशी धरते, आणि मग कोणतीच प्रयोगशाळा काही करू शकत नाही.

डास

गडचिरोलीत लक्ष ठेवायचं ते दोन ॲनोफिलीसांवर, म्हणजे हिवताप पसरवणाऱ्या डासांच्या दोन जातींवर. क्युलिसिफेसीज धानाच्या बांध्या, नदीपात्रातली डबकी, कालवे अशा साचल्या पाण्यात वाढतो आणि बहुधा जनावरांचं रक्त पसंत करतो. फ्लुव्हिएटिलिस गवताच्या कडा असलेल्या, हळू वाहणाऱ्या नाल्यांत आणि झिरपणीत वाढतो. दोघांच्याही दिसायला एकसारख्या पण वेगळ्या उपजाती आहेत. फ्लुव्हिएटिलिसची ‘एस’ ही उपजात माणसाला चावणारी आणि फार कार्यक्षम वाहक, तर ‘टी’ गुराढोरांवर जगणारी. त्यामुळे गोठ्यात शंभर डास आणि घरात चार सापडले, तरी हिवताप त्या चारांकडूनच येत असेल. नुसत्या घनतेचा आलेख काढून प्रसारावर बोलू नका.

सकाळी सहा ते आठ ही घरात विसावलेले डास पकडायची वेळ. बॅटरी आणि चूषक नळी घेऊन एका घरात १५ मिनिटं, अशी चार घरं. दोघांनी चार घरं केली तर दोन मनुष्यतास झाले. त्यात २४ क्युलिसिफेसीज मिळाले तर घनता मनुष्यतासाला १२. घर आणि गोठा यांची नोंद वेगळी. पकडलेल्या माद्यांची पोटं पाहा: रिकामी, ताजं रक्त, अर्धवट पचलेलं, अंड्यांनी भरलेलं. फवारलेल्या घरात अंड्यांनी भरलेल्या माद्या आरामात बसलेल्या सापडल्या, तर फवारणीत कुठेतरी पाणी मुरतंय समजा.

रात्रीसाठी सीडीसी प्रकाशसापळा, झोपलेल्या माणसाच्या मच्छरदाणीशेजारी, जमिनीपासून दीडेक मीटरवर, संध्याकाळी सहा ते सकाळी सहा. आपल्या प्रश्नासाठी एक सापळा घरात आणि एक मचाणाजवळ, एकाच रात्री, हीच खरी तुलना. सापळ्याची पिशवी तासातासाला बदलली तर चावण्याची वेळही कळते, आणि घरयादीतल्या ‘किती वाजता आडवा झाला’ या रकान्याशेजारी ती ठेवता येते. माणसाच्या उघड्या पायावर बसणारे डास पकडण्याची जुनी पद्धत नैतिकता समितीच्या वेगळ्या मंजुरीशिवाय करू नका. गावातल्या पोरांना दोनशे रुपये देऊन तर मुळीच नको.

माद्या एकेकट्या नळीत, कापसाखाली सिलिका जेल घालून ठेवा. डोकं-छातीच्या भागाची एलायझा चाचणी परजीवी सांगते, पोटातलं रक्त माणसाचं की गुराचं हे दुसरी चाचणी सांगते, पाय-पंखांवरून उपजात कळते.

अळ्यांसाठी सुमारे ३०० मिलिलिटरचं पांढरं वगराळं पुरतं. पाण्यावर सावली पडू न देता कडेकडेने बुडवा. ॲनोफिलीसची अळी पाण्याच्या पृष्ठभागाला समांतर तरंगते, क्युलेक्सची डोकं खाली करून लोंबते. किती बुडव्यांमागे किती अळ्या, ते लिहा. इथे एक मत नोंदवतो: गप्पी मासे विहिरी, टाक्या, बोड्यांसाठी उत्तम, पण वाहत्या नाल्याच्या गवताळ काठावर त्यांच्याकडून फार अपेक्षा धरू नये. फ्लुव्हिएटिलिसच्या पट्ट्यात गप्पी सोडल्याचे आकडे कागदावरच शोभतात.

मच्छरदाणी आणि फवारणी खरोखर किती चालते

‘वाटप १०० टक्के’ म्हणजे वापर नव्हे, हे सगळ्यांना ठाऊक आहे. तीन वेगळे आकडे काढा: किती घरांत निदान एक औषधी मच्छरदाणी आहे, दोन माणसांमागे एक हा हिशेब किती जणांना पुरतो, आणि काल रात्री किती जण तिच्याखाली झोपले. दुसरा आणि तिसरा आकडा जवळ असतील तर लोक वापरतात, दाण्या कमी आहेत. दूर असतील तर दाण्या आहेत, अडचण दुसरी आहे.

मग भोकं मोजा. अंगठा जाणार नाही अशा भोकाला १ गुण, त्याहून मोठं पण बंद मूठ जाणार नाही अशाला २३, मूठ जाईल पण डोकं जाणार नाही अशाला १९६, त्याहून मोठ्याला ५७६. अर्धा सेंटिमीटरपेक्षा लहान छिद्र धरायचं नाही. बेरीज ६४ पर्यंत असेल तर दाणी चांगली, ६४२ पर्यंत चालण्याजोगी, त्यापुढे टाकाऊ. पाच लहान, तीन मध्यम आणि एक मोठं भोक असेल तर ५, ६९ आणि १९६ मिळून २७०, म्हणजे अजून चालेल, शिवून घ्या. दाणी कुठे धुतात, उन्हात वाळवतात का, तिने मासे धरतात का, हेही विचारा, पण तक्रारीच्या सुरात नाही.

फवारणीच्या नोंदीत ‘घर फवारलं’ एवढ्यावर थांबू नका. किती खोल्या, देवघर आणि धान्याची खोली आत धरली का, आणि मुख्य म्हणजे फवारणीनंतर भिंत सारवली का? सणाआधी किंवा नवं धान घरात यायच्या वेळी सारवण-पोतारा होतो, आणि कीटकनाशक मातीखाली जातं. फवारणीची तारीख आणि सारवणाची तारीख शेजारी लिहिली की पुष्कळ उलगडतं. लोक ‘फवारल्यावर ढेकूण वाढतात’ म्हणून नकार देतात, तेही जसंच्या तसं टिपा.

कीटकनाशक डासावर चालतं का, यासाठी जागतिक आरोग्य संघटनेची नळीतली चाचणी आहे. २४ तासांनी ९८ टक्के किंवा जास्त डास मेले तर ते संवेदनशील, ९० टक्क्यांपेक्षा कमी मेले तर प्रतिकारक्षम, मधल्या आकड्यांना पुन्हा चाचणी. डीडीटीला क्युलिसिफेसीज देशाच्या मोठ्या भागात दाद देत नाही. हे काम प्रशिक्षित कीटकशास्त्रज्ञाबरोबरच करा.

आकडे जोडताना

पाऊस आणि रुग्ण एकाच महिन्यात जुळवू नका. अंड्यापासून डास व्हायला आठ-दहा दिवस, डासाच्या अंगात परजीवी तयार व्हायला उबदार हवेत साधारण दहा ते चौदा, चावल्यापासून फाल्सिपेरमचा ताप यायला नऊ ते चौदा. म्हणजे पावसाच्या सरीपासून तापापर्यंत महिनाभर सहज जातो, पुढच्या फेरीला आणखी एक. नोव्हेंबरच्या रुग्णाचा चावा ऑक्टोबरातला असतो, म्हणून त्याला झोपायची जागा मागच्या महिन्याची विचारा.

प्रत्येक रुग्णापुढे मागच्या महिन्यातला प्रवास लिहा, सीमेपलीकडची सोयरीकही त्यात धरा. व्हायवॅक्सच्या रुग्णाला पूर्वी कधी झाला होता ते विचारा. यकृतात दडलेला जुना परजीवी पुन्हा उसळला, तर तो या वर्षीच्या डासाचा दोष नव्हे. १४ दिवसांच्या गोळ्यांपैकी किती उरल्या, त्या पाकिटात मोजून घ्या.

विश्लेषण फार अवघड नाही. जागलीला जाणारे आणि न जाणारे, दाणीखाली झोपणारे आणि न झोपणारे, असे चार गट करा आणि प्रत्येकातलं बाधितांचं प्रमाण काढा. गावाचा परिणाम धरणारं प्रतिमान नंतर संख्याशास्त्रज्ञाकडून करून घ्या. जागलीवाल्यांत प्रमाण दिसण्याजोगं जास्त निघालं आणि मचाणाजवळच्या सापळ्यात फ्लुव्हिएटिलिस आला, तर प्रश्नाचं उत्तर मिळालं. नाही निघालं तर तेही तितक्याच स्वच्छपणे लिहा. मग दाण्यांची भोकं आणि सारवणाच्या तारखा पुन्हा काढून बसा.

निकाल कोणाला, कोणत्या रूपात

प्रबंध विद्यापीठाला जाईल. गावाला दुसरं काही लागतं. ग्रामसभेत भिंतीवर मोठा नकाशा लावा. व्यक्तींची नावं नकोत, घरांवर ठिपकेही नकोत, कारण लहान टोल्यात ठिपका म्हणजेच नाव. टोलेवार रंग पुरे. मचाणावर टांगता येईल अशी दाणी कोणत्या आकाराची हवी, दोरी कुठे बांधायची, हे तिथेच जागलीला जाणाऱ्यांकडून ठरवून घ्या. त्यांना ते तुमच्यापेक्षा चांगलं कळतं.

आशाताईंना टोलेवार यादी द्या: कोणत्या घरातली माणसं कोणत्या महिन्यांत बाहेर झोपतात, म्हणजे जागलीच्या दिवसांत तिची तापाची फेरी संध्याकाळी ठेवता येईल. ह्या यादीत रक्ताचे निकाल नसावेत आणि घरच्यांनी हो म्हटलं असेल तीच घरं घ्यावीत. वैद्यकीय अधिकाऱ्यांना दोन पानं पुरतात, पहिल्यावर गाववार तक्ता, दुसऱ्यावर लागणाऱ्या दाण्यांची आणि किटची संख्या. ही दोन पानं फवारणी आणि वाटपाचा आराखडा ठरण्याआधी, म्हणजे मार्च-एप्रिलपर्यंत पोचली पाहिजेत. जूनमध्ये दिलेला अहवाल पुढच्या वर्षीच्या कपाटात जातो.